बॉयलरच्या चिमणीत प्रोब घालण्याआधी

फ्लू गॅस ॲनालायझर, म्हणजे चिमणीतल्या धुरातले वायू मोजणारं यंत्र, हातात आलं की घाई एकच असते: प्रोब (धूर ओढणारी नळी) भोकात घाला आणि आकडा वाचा. आकडा येतोच. यंत्राची तयारी चुकलेली असली तरी तो तितक्याच ठामपणे, दशांशासकट येतो, म्हणून चूक कळत नाही. मागच्या खेपेला कुपवाड एमआयडीसीतल्या एका बॉयलरवर मी यंत्राचं शून्य, म्हणजे मोजणीची सुरुवातीची पातळी ठरवणं, बॉयलर हाऊसच्या आत केलं आणि दिवसभराचे आकडे फेकून द्यावे लागले. ही यादी त्यामुळेच लिहिली आहे. तिच्यात शून्याचा विषय पुन्हा पुन्हा येणार आहे, तो गाळू नका.

आदल्या संध्याकाळी बॅटरी, प्रिंटरचा कागद, हातमोजे, टॉर्च बघून ठेवा. कॅलिब्रेशनची तारीख वर्षाच्या आतली हवी. ऑक्सिजनचा सेल (वायू ओळखणारा सेन्सर) साधारण दोन-तीन वर्षांत संपतो, आणि यंत्र कपाटात पडून असलं तरी संपतो, कारण हवेतला ऑक्सिजन त्याला खातच असतो. त्यामुळे "आम्ही फारसं वापरलंच नाही" याला अर्थ नाही.

वॉटर ट्रॅप (धुरातलं पाणी अडवणारी डबी) उघडा, रिकामा करा, पुसा. फिल्टर पांढरा असला तर राहू द्या, राखाडी झाला असला तर बदला. ओला फिल्टर उन्हात वाळवून परत बसवणारे मी पाहिले आहेत. तसं करू नका, नवा घाला. कारण सरळ आहे. एक किलो एलपीजी जळला की दीड किलोच्या वर पाणी वाफ होऊन धुरातून जातं. ती वाफ होजमध्ये, म्हणजे प्रोबपासून यंत्राकडे येणाऱ्या नळीत, थंड होते, पाणी ट्रॅपमध्ये उतरतं, ट्रॅप भरला की फिल्टर भिजतो, पंपाला ओढता येत नाही, आणि त्यापुढे पाणी सेलवर गेलं तर सेल गेलाच समजा. होज लोंबकळत ठेवू नका. मधे खोलगट भाग राहिला की तिथे पाणी साचतं आणि सल्फर डायऑक्साईड, नायट्रोजन डायऑक्साईड त्यात विरघळून कमी दिसतात.

गळतीची तपासणी घरीच उरका. प्रोबचं टोक रबरी टोपीने घट्ट बंद करा आणि पंप चालू करा. पंपाचा आवाज दबला पाहिजे, नाहीतर फ्लो कमी असल्याचा इशारा आला पाहिजे. पंप मजेत चालत राहिला तर हवा कुठूनतरी आत येते आहे, आणि दहातल्या आठ वेळा ती ट्रॅपच्या ओ-रिंगमधून येते. अशी गळती धुरात बाहेरची हवा मिसळते. ऑक्सिजन जास्त दिसतो, सीओ (विषारी कार्बन मोनॉक्साईड) कमी दिसतो, आणि तुम्ही नीट चाललेल्या बर्नरची हवा कमी करून त्याला बिघडवता.

आता शून्य. यंत्र चालू केल्यावर ते थोडा वेळ, साधारण अर्धा ते तीन मिनिटं, आजूबाजूची हवा ओढतं आणि तिलाच ऑक्सिजन २०.९ टक्के आणि सीओ शून्य मानतं. त्याला दुसरं काही ठाऊक नाही. त्या वेळी ते बॉयलर हाऊसमध्ये असेल आणि तिथल्या हवेत ४० पीपीएम (दहा लाख भागांत ४०) सीओ असेल, तर ४० हेच त्याचं शून्य झालं. मग चिमणीत खरे १३० असले तरी पडद्यावर ९० दिसतात. तुम्ही शंभराच्या आत म्हणून लिहून टाकता आणि बर्नरला हात लावत नाही. याहून वाईट पुढे आहे. त्याच यंत्राने बॉयलर हाऊसमधली हवा सुरक्षित आहे का हे बघायला गेलात तर ते शून्य दाखवेल, आणि फायरमन आठ-आठ तास त्याच हवेत उभा असेल. १९४८ च्या कारखाने अधिनियमाच्या दुसऱ्या अनुसूचीत सीओची आठ तासांची सरासरी मर्यादा ५० पीपीएम होती. ४० चं खोटं शून्य म्हणजे ती मर्यादा जवळजवळ पूर्ण झाकून टाकणं.

म्हणून शून्य बाहेर करायचं, म्हणजे नक्की कुठे? दारात नाही. शटरच्या बाहेर पाच पावलांवर जनरेटर धडधडत असतो, ती मोकळी हवा नव्हे. माल भरायला टेम्पो इंजिन चालू ठेवून उभा असतो, तिथेही नाही. सांगली-वाळव्याच्या बाजूला गळीत हंगामात शेजारच्या फडात पाचट पेटलेलं असलं, तर वाऱ्याची दिशा बघून इमारतीच्या दुसऱ्या अंगाला जा. पेटत्या भट्टीच्या, चुलवाणाच्या वाऱ्याखाली उभे राहू नका. बिडी-सिगारेट ओढणाऱ्याला लांब पाठवा, हे मी गंमत म्हणून सांगत नाही. प्रोब चिमणीतून पूर्ण बाहेर, हातात, आणि यंत्रही त्याच जागी.

इथे एक सापळा आहे. काही यंत्रांत शून्यासाठी वेगळा व्हॉल्व्ह असतो, त्यामुळे प्रोब चिमणीत ठेवूनही शून्य होतं असं पुस्तिकेत लिहिलेलं असतं. ते खरं आहे, पण ती हवा यंत्र स्वतःच्या अंगाजवळून घेतं, आणि यंत्र ठेवलेलं असतं बॉयलरशेजारच्या टेबलावर. म्हणजे फिरून तेच. व्हॉल्व्ह असो वा नसो, यंत्र उचला, बाहेर न्या, तिथे शून्य करा.

तेही ज्या गावात मोजायचं तिथेच. घरून निघताना साताऱ्यात शून्य करून महाबळेश्वरच्या हॉटेलचा बॉयलर तपासायला जाऊ नका. तिथे उंची सुमारे १,३५० मीटर, हवेचा दाब कमी, आणि सेल मधल्या प्रवासात गार-गरम होऊन आलेले. गाडीत एसी लावला असेल तर यंत्र आधी पंधरा-वीस मिनिटं सावलीत बाहेर ठेवा, मगच चालू करा. गार यंत्रावर दमट हवेचं पाणी धरतं. आणि एप्रिल-मेमध्ये बॉयलर हाऊसच्या आत यंत्र बॉयलरच्या शेलजवळ (बाहेरच्या कवचाजवळ) ठेवू नका. बहुतेक यंत्रांची कामाची मर्यादा ४५ अंशांच्या आसपास संपते आणि तिथे सहज त्याहून जास्त असतं.

बाहेर शून्य केल्यावर एक गोष्ट मात्र आत येऊन करावी लागते, आणि ती विसरणारे पुष्कळ. बरीच यंत्रं शून्य करतानाच प्रोबच्या टोकाचं तापमान हवेचं तापमान म्हणून धरून ठेवतात. जानेवारीच्या सकाळी साताऱ्यात बाहेर १४ अंश आणि बर्नर ओढतो ती आतली हवा ३८ अंश. डिझेलवर धुराचं तापमान २१० आणि ऑक्सिजन ४ टक्के असताना, खऱ्या ३८ अंशांवर चिमणीतून जाणारी उष्णता साधारण ८.१ टक्के येते. १४ धरलं तर तीच ९.२ दिसते. बॉयलर होता तसाच आहे, कार्यक्षमता मात्र कागदावर एका टक्क्याने पडली. तेव्हा शून्य बाहेर, आणि हवेचं तापमान बर्नरच्या हवेच्या तोंडाशी वेगळ्या सेन्सरने. दोन्ही कामं एका जागी होत नाहीत.

इंधन बरोबर निवडा. बहुतेक यंत्रं सीओटू (कार्बन डायऑक्साईड) मोजत नाहीत, ऑक्सिजनवरून हिशेब करतात. ४ टक्के ऑक्सिजनला डिझेलवर सीओटू साधारण १२.५ येतो, एलपीजीवर ११.२. मागच्या कामाचं इंधन तसंच राहिलं तर सगळा कागद चुकला. बगॅस (उसाचं चिपाड) किंवा ब्रिकेटसाठी (दाबून केलेल्या जळणाच्या विटांसाठी) यंत्रात बहुधा लाकूड निवडतात. ओलाव्याचा हिशेब त्यात येत नाही, म्हणून कार्यक्षमतेचा आकडा तिथे धरू नका, ऑक्सिजन आणि सीओ धरा.

भोक. आठ ते दहा मिलिमीटर, बॉयलरच्या धुराच्या तोंडानंतर सरळ भागात, वळणापासून निदान दोन व्यास पुढे, आणि बाहेरची हवा मिसळते त्या डँपरच्या किंवा ड्राफ्ट हूडच्या आधी. कुठेतरी वरच सोपं पडतं म्हणून तिथे भोक पाडून गळकी हवा मोजणं निरुपयोगी. प्रोब हळूहळू आत-बाहेर करा. जिथे तापमान सर्वांत जास्त आणि ऑक्सिजन सर्वांत कमी तिथे धुराच्या प्रवाहाचा गाभा, तिथेच थांबा. आयडी फॅन (धूर ओढून घेणारा पंखा) असलेल्या बॉयलरला डक्टमध्ये ओढ असते, भोकाच्या फटीतून हवा आत शिरते, म्हणून प्रोबवरचा शंकूच्या आकाराचा कोन भोकात घट्ट बसवा, कमी पडला तर सिरॅमिक वूल कोंबा. फक्त एफडी फॅन (हवा आत ढकलणारा पंखा) असला तर उलट: भोक उघडलं की धूर तोंडावर येतो. बाजूला उभे राहून उघडा. छातीला सीओचा अलार्म लावलेला हवा, आणि शिडीवर एकटा माणूस नको. बर्नरचं कोणतंही ॲडजस्टमेंट बॉयलर अटेंडंटला विचारून, त्याच्याच हाताने.

बॉयलर निदान पंधरा-वीस मिनिटं एकाच फायरिंगवर (आगीच्या एकाच पातळीवर) चालू द्या. धुराचं तापमान थांबलं की वाचायला सुरुवात. प्रोब घातल्यावर लगेचचा आकडा लिहू नका. होजमधली हवा जायला आणि सेलला स्थिर व्हायला दोन मिनिटं तरी लागतात. तीन वेळा, दोन-दोन मिनिटांनी लिहा. हाय फायर (मोठी आग) आणि लो फायर (लहान आग) दोन्ही. लो फायरला बहुतेक बर्नर बिघडलेले सापडतात, आणि तिथेच कोणी बघत नाही.

सीओ तसाच लिहून तुलना करू नका. ९ टक्के ऑक्सिजनला १२० पीपीएम म्हणजे हवेशिवाय, धुरातली जादा हवा वजा करून, २११. सूत्र: सीओ गुणिले २०.९, भागिले २०.९ वजा ऑक्सिजन. डिझेल-गॅस बर्नरला ऑक्सिजन ३ ते ५ आणि सीओ १०० च्या आत ही माझी धरायची रेषा. हवेशिवाय ४०० च्या वर गेला तर बर्नर बंद करून दुरुस्ती, चर्चा नंतर. ऑक्सिजन कमी आणि सीओ जास्त म्हणजे हवा अपुरी. दोन्ही जास्त म्हणजे ज्योत गार पडते आहे, नोझल नीट फवारत नाही किंवा ज्योत भिंतीला धडकते आहे, तिथे हवा वाढवून भागत नाही. ऑक्सिजन जास्त आणि सीओ नाहीसा म्हणजे पैसे चिमणीतून चालले आहेत. धुराचं तापमान २२ अंशांनी उतरवता आलं की कार्यक्षमता साधारण एक टक्का वाढते, म्हणून बॉयलरच्या काजळी धरलेल्या नळ्या साफ करणं बर्नर पिळण्यापेक्षा आधी. आणि सीओ एकाच फायरिंगवर थांबत नसेल, हळूहळू चढतच असेल, तर आकडे लिहीत बसू नका, बंद करा.

आकडा फार छान आला, सीओ अगदी शून्य आला, तरी थांबा. खरंच छान असेल. पण आधी स्वतःला विचारा, शून्य कुठे केलं होतं?

ब्रिकेट, लाकूड, बगॅस असेल तर ताजं इंधन टाकताना सीओ हजारांत उडी मारतो आणि सेल गुदमरतो. त्या वेळी प्रोब बाहेर काढा, पंप चालू ठेवून बाहेर नेऊन मोकळ्या हवेने साफ होऊ द्या, मग परत. एकाच क्षणाचा आकडा तिथे कामाचा नाही. एका टाकणीपासून दुसरीपर्यंत बघून सरासरी काढा. राखेचा फिल्टर प्रोबच्या टोकाला लावलाच पाहिजे. हळदीच्या हंगामात शिजवणीच्या लहान बॉयलरवर हेच लागू.

लॉजमधला गॅस गीझर तपासायचा असेल तर प्रोब वरच्या धुराच्या तोंडात, दार-खिडकी आंघोळीच्या वेळी असते तशी बंद, पाणी पूर्ण सोडलेलं, पाच मिनिटं. तुम्ही स्वतः बाहेर, होज दाराखालून. खोलीतल्या हवेचा सीओही मोजा. इथे शून्य त्या बाथरूममध्ये केलेलं असेल तर तपासणी न करणंच बरं, कारण तुम्ही त्या माणसाला खोटा दिलासा देऊन जाल.

संपताना: प्रोब बाहेर, पंप चालू, यंत्र परत त्याच मोकळ्या जागी. सीओ १० च्या खाली येईपर्यंत आणि ऑक्सिजन थांबेपर्यंत बंद करू नका. आणि तो ऑक्सिजन कुठे थांबतो ते बघा. २०.९ वर थांबला तर ठीक. २१.१, २१.२ वर थांबला तर सुरुवातीचं शून्य बहुधा घाणेरड्या हवेत झालं होतं. तेव्हाच, तिथेच, पुन्हा शून्य करून पुन्हा मोजा.

ट्रॅप रिकामा करा, होज सुटा करून वाळवा. प्रिंट पुसट होतो, फोटो काढा. कागदावर वेळ, इंधन, फायरिंग, हवेचं तापमान, आणि शून्य कुठे व किती वाजता केलं ते लिहा. भोकात बोल्ट बसवा.