ऑडिओ गाइड घेऊन ऐतिहासिक चर्च कसे पाहावे

ऐतिहासिक चर्चच्या दाराशी ऑडिओ गाइड हातात पडला की बहुतेक जण लगेच पहिल्या क्रमांकाचे बटण दाबतात आणि पुढचा तास-दीड तास निवेदक सांगेल तिकडे जात राहतात. अशाने माहिती भरपूर कानांवर पडते, पण वास्तू नीट पाहिली जात नाही. कान सतत गुंतलेले असले की डोळे सांगितलेली वस्तू शोधण्यापुरतेच उरतात. गटाला घेऊन फिरणाऱ्या माणसाला मध्येच थांबवून दहा मिनिटे शांतपणे पाहत उभे राहता येत नाही, ऑडिओ गाइडला मात्र हवे तेव्हा थांबवता येते आणि पुन्हा पुन्हा बोलते करता येते. माझ्या मते त्याचा खरा उपयोग याच सोयीत आहे, आणि पुढच्या बहुतेक सूचना त्याच धोरणाने लिहिल्या आहेत.

तयारीची सुरुवात वेळ ठरवण्यापासून करावी. जुनी चर्चे ही बहुधा आजही चालती उपासनास्थळे असतात. मिस्सा (कॅथलिकांची मुख्य सामूहिक उपासना), विवाह, अंत्यविधी किंवा धर्मगुरूंचा एखादा विशेष सोहळा असेल तर संपूर्ण इमारत किंवा तिचा काही भाग पाहुण्यांसाठी बंद ठेवला जातो. लंडनच्या वेस्टमिन्स्टर ॲबे या चर्चमध्ये रविवारी केवळ उपासनेसाठी प्रवेश असतो, पर्यटकांसाठी नसतो. त्यामुळे चर्चच्या संकेतस्थळावर दर्शनाच्या वेळांइतकेच उपासनेचे वेळापत्रकही पाहावे, आणि शक्य असल्यास दिवसातली पहिली वेळ घ्यावी, कारण गर्दीत प्रत्येक क्रमांकापाशी माणसे साचतात आणि निवेदन संपण्याआधीच मागच्यांसाठी जागा सोडावी लागते.

वेळ निवडताना उजेडाचाही विचार करावा. युरोपातील मध्ययुगीन चर्चांमध्ये मुख्य वेदी साधारणपणे पूर्वेकडे आणि प्रवेशद्वार पश्चिमेकडे असते. म्हणून वेदीमागच्या रंगीत काचा सकाळी उजळतात आणि दारावरची गोल खिडकी, जिला रोझ विंडो म्हणतात, ती दुपार कलल्यावर खुलते. याला अपवाद आहेत: रोमच्या सेंट पीटर्स बॅसिलिकाचा दर्शनी भाग पूर्वेला आहे, त्यामुळे तेथे हा हिशेब उलटा होतो. बार्सिलोनाच्या साग्रादा फामिलिया या चर्चमध्ये, ज्याचे काम १८८२ मध्ये सुरू झाले आणि पुढच्याच वर्षी स्थपती आंतोनी गाउदींकडे आले, पूर्वेच्या खिडक्यांत निळ्या-हिरव्या काचा आहेत आणि पश्चिमेच्या खिडक्यांत लाल-नारिंगी, त्यामुळे एकच दालन सकाळी आणि संध्याकाळी वेगळे दिसते. आकाश ढगाळ असले तरी बेत रद्द करण्याचे कारण नाही, कारण मंद आणि सारख्या उजेडात गडद काचांतील बारीक रेखाटन उलट अधिक स्पष्ट दिसते.

आता उपकरणाविषयी. काही ठिकाणी क्रमांकांची बटणे असलेले यंत्र मिळते आणि त्यासाठी ओळखपत्र ठेवून घेतले जाते, तर काही ठिकाणी आपल्याच फोनवर ॲप घ्यावे लागते. ॲप असेल तर ते ध्वनिफितींसह आदल्या दिवशीच उतरवून घ्यावे, कारण जाड दगडी भिंतींच्या आत नेटवर्कचा भरवसा नसतो. आत जीपीएसही नीट चालत नाही, म्हणूनच बहुतेक ठिकाणी खांबांवर किंवा जमिनीलगत लावलेला क्रमांक स्वतः दाबावा लागतो किंवा क्यूआर कोड स्कॅन करावा लागतो. फोन पूर्ण चार्ज केलेला असावा आणि सोबत तारेचा इअरफोन ठेवावा. भाड्याच्या यंत्रालाही तो बऱ्याचदा जोडता येतो आणि यंत्र कानाशी धरून हात भरून येण्याचा त्रास वाचतो. एक कान मोकळा ठेवणे मात्र अत्यावश्यक आहे, कारण प्रार्थनेची सूचना, सुरक्षारक्षकाचे बोलणे आणि ऑर्गनचा सराव या गोष्टी त्याच कानाने ऐकायच्या असतात. स्पीकरवर निवेदन लावणे कोठेही योग्य नाही. ॲपमध्ये निवेदनाचा लिखित मजकूर दिला असेल तर तो आधी एकदा वाचून काढावा. राजे, संत आणि बिशप यांची अनोळखी नावे पहिल्यांदाच कानांवर पडली तर ती तशीच निसटून जातात.

आत गेल्यावर पहिली दहा मिनिटे काहीही ऐकू नये. मागच्या बाकावर बसावे आणि इमारतीची मांडणी समजून घ्यावी, कारण निवेदनात पुढे सतत येणारे शब्द या मांडणीशी बांधलेले असतात. आपण बसलेलो असतो ते लांबट मुख्य दालन म्हणजे नेव्ह. त्याच्या दोन्ही बाजूंना खांबांच्या रांगांपलीकडे असलेल्या अरुंद वाटा म्हणजे आइल. नेव्हला आडवे छेदणारे दालन म्हणजे ट्रान्सेप्ट, आणि या दोहोंच्या योगाने जमिनीवर क्रूसाचा आकार तयार होतो. छेदाच्या पलीकडे गायकवृंदाची आणि धर्मगुरूंची आसने असलेला भाग म्हणजे क्वायर, आणि त्यापलीकडे वेदीमागचा अर्धगोल शेवट म्हणजे ॲप्स. एवढे डोळ्यांत बसले की “उत्तर ट्रान्सेप्टमध्ये या” असे ऐकताच पावले आपोआप त्या दिशेला वळतात आणि नकाशात डोके घालून चालावे लागत नाही.

यानंतर प्रत्येक क्रमांकापाशी एकच पद्धत ठेवावी: आधी पाहावे, मग ऐकावे, मग निवेदन बंद करून पुन्हा पाहावे. फ्रान्समधील शार्त्रच्या कॅथीड्रलमध्ये, म्हणजे बिशपच्या मुख्य चर्चमध्ये, या पद्धतीचा फायदा चांगला कळतो. तेथे दक्षिणेच्या बाजूला निळ्या वस्त्रातील मरियेची, म्हणजे येशूच्या आईची, एक प्रसिद्ध खिडकी आहे. काही न ऐकता तिच्याकडे पाहिले तर मरियेच्या वस्त्राचा निळा भोवतालच्या निळ्यापेक्षा फिकट आणि अधिक तेजस्वी आहे, एवढे कोणाच्याही लक्षात येते. मग निवेदन सांगते की मधले तक्ते बाराव्या शतकातले असून ११९४ च्या भीषण आगीतून बचावलेले आहेत, आणि भोवतालचे देवदूत पुनर्बांधणीच्या वेळी, तेराव्या शतकात जोडले गेले. आधी दिसलेल्या फरकाचे कारण असे हाती येते, आणि डोळ्यांनी आधी टिपलेली गोष्ट स्मरणात राहते.

याच कॅथीड्रलच्या खालच्या खिडक्यांमध्ये चित्रकथा बहुधा तळापासून वर वाचायच्या असतात. अगदी तळाच्या तक्त्यांत पादत्राणे बनवणारे, पाव भाजणारे, कातड्याचे आणि लोकरीचे व्यापारी असे कारागीर आपापल्या कामात गढलेले दिसतात. निवेदनात यांतील एक-दोनच खिडक्यांचा उल्लेख येतो. बाकीच्या स्वतः पाहायच्या असतात आणि त्यासाठी छोटी दुर्बीण फार उपयोगी पडते. चर्च पाहायला जाताना एकच जास्तीची वस्तू घ्यायची असेल तर मी दुर्बीणच सुचवीन, कारण छताजवळची उत्तम कारागिरी तिच्याशिवाय हाती लागत नाही.

संतांच्या मूर्ती ओळखण्यासाठीही निवेदनावर अवलंबून राहण्याची गरज नाही, कारण प्रत्येकाच्या हाती किंवा पायाशी त्याची खूण असते. किल्ल्या असतील तर पेत्र, तलवार असेल तर बहुधा पौल, दातेरी चाक असेल तर कॅथरिन, लोखंडी जाळी असेल तर लॉरेन्स. येशूचे चरित्र सांगणाऱ्या चार शुभवर्तमानांच्या लेखकांपैकी मत्तयासाठी पंख असलेला मनुष्य, मार्कसाठी सिंह, लूकसाठी बैल आणि योहानासाठी गरुड ही चिन्हे प्रवचनपीठावर, छतावर आणि दारावरच्या कोरीव कामात वारंवार भेटतात. हाताशी एवढी यादी असली तरी निवेदनाने वगळलेल्या निम्म्या मूर्ती बोलू लागतात.

ऑडिओ गाइडची एक मर्यादा लक्षात ठेवावी: त्याचे क्रमांक चालण्याच्या सोयीने लावलेले असतात, काळाच्या क्रमाने नव्हे. जुनी चर्चे शतकानुशतके बांधली, जळली आणि पुन्हा बांधली गेली, आणि ते थर आपले आपण जुळवावे लागतात. इंग्लंडच्या कँटरबरी कॅथीड्रलमध्ये पश्चिमेकडून शिरल्यावर ज्या उंच नेव्हमध्ये आपण उभे राहतो ती चौदाव्या शतकाच्या अखेरीस नव्याने उभारण्यास घेतली गेली. पुढची क्वायर तिच्याहून सुमारे २०० वर्षांनी जुनी, कारण ती ११७४ च्या आगीनंतर बांधायला घेतली. हे काम पाहणारा स्थपती, सेन्सचा विल्यम, ११७८ मध्ये बांधकामाच्या परांचीवरून पडून जायबंदी झाला आणि उरलेले काम विल्यम नावाच्याच इंग्रज स्थपतीने पूर्ण केले. खालचे तळघर, म्हणजे क्रिप्ट, त्याहूनही जुने आहे. तेथे आत आणि खाली जाणे म्हणजे काळात मागे जाणे होय. काळ ओळखण्याची ढोबळ खूण कमानींमध्ये असते: अर्धगोल कमानी आणि जाडजूड भिंती बहुधा रोमनेस्क, म्हणजे गॉथिकच्या आधीच्या शैलीच्या काळातील, तर टोकदार कमानी, छतावरील दगडी फासळ्या आणि मोठ्या खिडक्या गॉथिक काळातील. दोन्ही जेथे शेजारी येतात तेथे निवेदन थांबवून सांधा शोधावा.

कँटरबरीतच पायांखालीही पाहावे. ११७० मध्ये आर्चबिशप टॉमस बेकेटची कॅथीड्रलमध्ये हत्या झाली आणि पुढे त्याच्या समाधीच्या दर्शनासाठी यात्रेकरूंची रीघ लागली. इंग्लंडचा राजा आठव्या हेन्रीच्या कारकिर्दीत, १५३८ मध्ये, ती समाधी नष्ट करण्यात आली आणि त्या जागी आता एक मेणबत्ती तेवते. तिच्याकडे नेणाऱ्या दगडी पायऱ्या मात्र यात्रेकरूंच्या पायांनी आणि गुडघ्यांनी झिजून मध्ये खोलगट झालेल्या आहेत. हे एक वाक्य ऐकून पुढे जाण्यापेक्षा त्या पायऱ्यांपाशी पाच मिनिटे उभे राहणे मला जास्त मोलाचे वाटते. अनेक चर्चांत क्वायरमधल्या जुन्या लाकडी आसनांच्या खालच्या बाजूलाही असेच पाहावे. आसन वर दुमडलेले असेल तर उभ्याने टेकण्यासाठी ठेवलेला छोटा कोरीव आधार दिसतो, आणि त्यावर कित्येकदा पशू, शेतकरी, भांडणारी जोडपी असे धर्माशी थेट संबंध नसलेले विषय कोरलेले असतात. स्वतः हात लावून आसन उचलू नये.

अंधाऱ्या उपवेदींसाठी, म्हणजे बाजूच्या छोट्या वेद्यांसाठी, एक युक्ती सांगण्यासारखी आहे. इटलीतील अनेक चर्चांमध्ये चित्रांवरचा दिवा नाणे टाकल्यावर लागतो आणि थोड्या वेळाने विझतो. रोमच्या सान लुइजी देई फ्रांचेसी चर्चमधील चित्रकार काराव्हाज्जोची संत मत्तयाच्या जीवनावरील तीन चित्रे अशाच दिव्याने उजळतात. आधी अंधारात संपूर्ण निवेदन ऐकावे आणि मग नाणे टाकावे, म्हणजे उजेडाची सगळी मिनिटे पाहण्यात जातात.

वागण्याविषयी थोडक्यात सांगायचे तर खांदे आणि गुडघे झाकणारे कपडे घालावेत, पुरुषांनी टोपी काढावी, फ्लॅश वापरू नये आणि छायाचित्रांना परवानगी आहे का ते दारावरच पाहावे. कॅथलिक चर्चमध्ये एखाद्या उपवेदीपाशी तांबडा दिवा तेवत असेल तर तेथे पवित्र साक्रामेंत (मिस्सात पवित्र केलेली भाकर) ठेवलेले आहे असे समजावे आणि त्या जागी निवेदन ऐकत उभे राहू नये. पापनिवेदनाच्या कक्षाजवळही रेंगाळू नये. वेस्टमिन्स्टर ॲबेसारख्या काही ठिकाणी दर तासाला छोटी प्रार्थना होते. ती सुरू होताच निवेदन थांबवून जागच्या जागी उभे राहावे किंवा बसावे, मग आपला धर्म कोणताही असो.

सगळे क्रमांक ऐकलेच पाहिजेत असा हट्ट धरू नये. मान वर करून पाहिल्याने आणि दगडी फरशीवर चालल्याने अपेक्षेपेक्षा लवकर थकवा येतो, म्हणून आठ-दहा थांबे आधीच निवडावेत आणि मध्ये एकदा बसून घ्यावे. थडग्यांच्या आणि देणगीदारांच्या लांब याद्या निःसंकोच सोडाव्यात; रचना, काचा आणि मूर्ती यांचे थांबे सोडू नयेत.

शेवटी चर्चला बाहेरून पूर्ण फेरी मारावी. आतल्या एवढ्या मोठ्या खिडक्या कशाच्या बळावर उभ्या आहेत याचे उत्तर बाहेरच असते: छताचा बाहेर रेटणारा भार फ्लाइंग बट्रेस नावाच्या अर्धकमानी पेलतात, म्हणून भिंती पातळ ठेवून त्यांत काचा बसवता येतात. भाड्याचे यंत्र बाहेर नेता येत नसेल तर बाह्य भागाचे निवेदन परतीच्या खिडकीजवळ ऐकून घ्यावे, यंत्र देऊन ओळखपत्र आठवणीने परत घ्यावे आणि मग फेरीला निघावे. फोनवरचे ॲप असेल तर ते लगेच काढून टाकू नये. त्याच संध्याकाळी छायाचित्रे समोर ठेवून सोडलेले थांबे ऐकले की पुष्कळ गोष्टींचा उलगडा होतो, आणि दुसऱ्या दिवशी त्याच गावात असलो तर त्यांपैकी कोणत्या पाहायला पुन्हा जायचे तेही ठरवता येते.