माहितीपटाचा एडिटर व्हायचंय? लॉगिंगपासून सुरुवात करा

कथापटाची पटकथा शूटिंगच्या आधी तयार असते. माहितीपटाची बहुतेक वेळा एडिट टेबलावरच आकाराला येते आणि ती रचायला सगळं फुटेज तोंडपाठ लागतं. त्यामुळे मुंबईत या कामात शिरायचं तर असिस्टंट म्हणून शिरा आणि लॉगिंग, म्हणजे कुठल्या शॉटमध्ये काय आहे याची वेळेसह नोंद, मनापासून करा.

पुण्याच्या एफटीआयआय या सरकारी फिल्म संस्थेत एडिटिंगचा तीन वर्षांचा अभ्यासक्रम आहे, देवनारच्या टाटा इन्स्टिट्यूट ऑफ सोशल सायन्सेसमध्ये माहितीपट शिकवला जातो. प्रवेश मिळाला तर उत्तम. नाही मिळाला तर दा विंची रिझॉल्व्ह या एडिटिंग सॉफ्टवेअरची मोफत आवृत्ती घेऊन हात बसवा. अंधेरी-गोरेगावकडच्या स्टुडिओंत प्रीमियर आणि अ‍ॅव्हिडवरही काम करावं लागेल. १९९० पासून दर दोन वर्षांनी मुंबईत भरणारा माहितीपटांचा मिफ महोत्सव चुकवू नका.

पहिलं काम डेटाचं. कॅमेऱ्याच्या कार्डातल्या व्हिडिओ फायली निवडून ओढू नका, अख्खं फोल्डर जसंच्या तसं कॉपी करा. अनेक कॅमेरे लांबलचक शॉट तुकड्यांत साठवतात आणि ते जोडण्याची माहिती बाजूच्या फायलींत असते; त्या सुटल्या की क्लिप मधेच तुटते. कॉपी चेकसम तपासणाऱ्या, म्हणजे प्रत मूळ फायलीशी तंतोतंत जुळते का ते पाहणाऱ्या सॉफ्टवेअरनेच करा. तीन प्रती हव्यात, त्यातली एक दुसऱ्या जागी. १०० एमबीपीएसचं (सेकंदाला १०० मेगाबिट) फुटेज तासाला ४५ जीबी होतं. ६० तासांचे २.७ टीबी, तेही एका प्रतीचे. प्रोरेस प्रॉक्सी, म्हणजे एडिटसाठी बनवलेली फुटेजची हलकी प्रत, १०८०मध्ये तासाला सुमारे १७ जीबी घेते, म्हणून कापायचं तिच्यावर.

मोबाइलवरच्या शूटचा फ्रेम रेट अनेकदा कमी-जास्त होत असतो. तो आधी सेकंदाला स्थिर २५ फ्रेमवर आणा, नाहीतर आवाज हळूहळू सरकतो. वेगळ्या रेकॉर्डरचा आवाज चित्राशी जुळवल्यावर (सिंक) क्लिपची फक्त सुरुवात बघून पुढे जाऊ नका. कॅमेरा आणि रेकॉर्डर यांची घड्याळं किंचित वेगळी चालतात. तासाभराच्या मुलाखतीत शेवटी दोन-तीन फ्रेमचा फरक पडू शकतो. एक फ्रेम ४० मिलिसेकंदांची, त्यामुळे ओठ आणि शब्द जुळत नाहीत हे दिसायला लागतं.

आता लॉगिंग. ‘छान शॉट’ असा शेरा कुणाच्याच उपयोगाचा नाही. ससून डॉकवरच्या रशेसची, म्हणजे न कापलेल्या फुटेजची नोंद अशी हवी: ‘००:१४:३२. मावशी कोळंबी सोलतात, हातांचा क्लोज. बोलता बोलता थांबतात, मग “त्या वर्षी होडी परत आली नाही” एवढंच. मागे इंजिनाचा आवाज, शेवटचे ४ सेकंद स्वच्छ.’ हे स्वच्छ ४ सेकंदच पुढे सीन वाचवतात. मुलाखतीचा शब्दन् शब्द टाइमकोडसह (फुटेजमधली नेमकी वेळ) उतरवून घ्या. मशीनचं ट्रान्सक्रिप्शन चालेल, पण मालवणी, अहिराणी किंवा कोळी बोलीत ते सर्रास फसतं. ऐकून दुरुस्त करावंच लागतं.

मुलाखत कापताना कागदावर जुळलेलं वाक्य कानाला जुळेलच असं नाही. मराठीत क्रियापद शेवटी येतं आणि बोलणारा ‘होतं ना’, ‘म्हणजे’ म्हणत आवाज वर नेतो. चढत्या सुरावर कापलं की वाक्य अधांतरी राहतं. त्याच माणसाने आवाज खाली आणून संपवलेलं वाक्य शोधा किंवा कट एक श्वास पुढे ढकला. दोन वेगळ्या उत्तरांतले शब्द जोडून तिसराच अर्थ मात्र कधीही काढू नका. समोरच्याने विश्वासाने बोलणं दिलेलं असतं, आणि कटअवेखाली, म्हणजे बोलणाऱ्याऐवजी दुसरंच काही दाखवणाऱ्या शॉटखाली, असली जोडणी सहज लपते.

प्रत्येक जागेचा निदान ३० सेकंदांचा रूम टोन, म्हणजे कुणी बोलत नसतानाचा त्या जागेचा आवाज, शूटिंगच्या युनिटकडे आधीच मागून ठेवा. मुंबईत पंखा, हॉर्न, लोकल थांबत नाहीत. टोन नसेल तर दर कटला पार्श्वभूमी खटकन बदलते. मागे लाउडस्पीकरवर गाणं वाजत असेल तर दुखणं दुहेरी: कट केला की गाणं उडी मारतं आणि हक्कांचा प्रश्न येतो तो वेगळाच. असे शॉट लॉगमध्ये लाल करून ठेवा.

पहिली असेंब्ली, म्हणजे निवडलेले सीन ओळीने लावलेली कच्ची जुळणी, तीन-चार तासांची झाली तरी घाबरू नका. त्यानंतरच्या कच्च्या कटला, म्हणजे रफ कटला, संगीत लावू नका, कच्चा सीन त्याखाली पक्का वाटतो. विषय माहीत नसलेल्या तिघांना कट दाखवा. ‘आवडलं का’ विचारू नका, ‘कुठे लक्ष उडालं’ ते विचारा आणि ते बोलत असताना तुमचं स्पष्टीकरण देऊ नका.

पिक्चर लॉकनंतर, म्हणजे चित्राचे कट पक्के झाल्यावर, साउंडच्या टीमला एएएफ (टाइमलाइन दुसऱ्या सॉफ्टवेअरमध्ये नेणारी फाइल) द्या, प्रत्येक क्लिपला दोन्ही बाजूंनी २ सेकंदांचे हँडल, म्हणजे जादा आवाज, ठेवून. सोबत टाइमकोड छापलेला व्हिडिओ, आणि पहिल्या फ्रेमच्या बरोबर २ सेकंद आधी एका फ्रेमची बीप, चित्र आणि आवाज जुळवायला. लॉकनंतर एक शॉट जरी हलला तरी साउंड, कलर, सबटायटल सगळ्यांना पुन्हा बसावं लागतं. त्यामुळे दिग्दर्शकाकडून लॉक लेखी घ्या.

पैशांचंही सुरुवातीलाच ईमेलवर ठरवा: आगाऊ किती, रफ कटला किती, लॉकला किती, बदलांच्या फेऱ्या किती, श्रेयनामावलीत नाव कसं. कामाचे आठवडे मोजताना लॉगिंग धरा. निर्माते नेमकं तेच विसरतात. काम संपलं तरी प्रोजेक्ट फाइल दोन ड्राइव्हवर जपा, कारण काही महिन्यांनी चॅनलला त्याच फिल्मचं ५२ मिनिटांचं व्हर्जन हवं असू शकतं.