शॉकर बदलताना या चुका टाळा: आधी आवाज कुठला ते शोधा, मग पाना हातात घ्या

आमच्या इंदूरच्या लोकमान्य नगरात जुन्या गाड्या पुष्कळ आहेत. पंधरा-सतरा वर्षांच्या वॅगन आर, स्विफ्ट, सँट्रो, जिवापाड सांभाळलेल्या, रोज सकाळी फडक्याने पुसलेल्या. आणि दर दोन-तीन महिन्यांनी कुणीतरी येऊन मला तेच सांगतं, "अहो, पुढून खडखड येतेय, मिस्त्री म्हणाला चारही शॉकर गेलेत." मी मेकॅनिक नाही, पण माझ्या २००६ च्या वॅगन आरचं खालचं बहुतेक काम गेली बारा वर्षं मीच करतोय आणि ओळखीच्यांच्या गाड्यांखालीही बरेच रविवार गेलेत. त्याच त्या चुका इतक्यांदा बघितल्या की आता एकदाचं लिहूनच टाकतो.

आवाज आला म्हणजे शॉकर गेला, असं धरून चालणं

ही सगळ्यात महागडी चूक, म्हणून हिच्यावर जरा जास्त बोलतो. गाडीचं वजन पेलते ती स्प्रिंग, शॉकर नाही. खड्डा आला की स्प्रिंग दबते, मग उसळते, मग परत दबते, आणि ही उसळी शमवायचं काम शॉकरचं. आतला पिस्टन तेलातून सरकतो, तेल बारीक झडपांतून जोर लावून जातं, आणि उसळीतली ताकद उष्णता होऊन निघून जाते. म्हणजे शॉकर थकला की पहिला फरक पडतो तो गाडीच्या वागण्यात. ब्रेक मारला की नाक खाली जातं, बायपासवर शेजारून ट्रक गेला की गाडी डोलते, स्पीड ब्रेकरनंतर दोन-तीन झोके खाते. खट-खट, कट-कट हा आवाज बहुतेक वेळा दुसऱ्याच कशाचा तरी असतो.

माझ्या मित्राची २००९ ची स्विफ्ट. श्रावणात आईला ओंकारेश्वरला न्यायचं म्हणून त्याने गाडी एका गॅरेजला दाखवली, तक्रार एकच, छोट्या खड्ड्यावर पुढून खडखड. तिथे कुणी गाडी उचलूनसुद्धा बघितली नाही, बॉनेट दोनदा दाबलं आणि निकाल दिला, "भिया, शॉकर गए, चारों डलेंगे." तेरा हजार गेले. तिसऱ्या दिवशी आवाज परत तसाच्या तसा. विचारलं तर म्हणे, "नए हैं, बैठने में टाइम लगता है." शॉकरला बसायला वगैरे वेळ लागत नाही हो, पहिल्या दिवशी जसा असतो तसाच तो असतो! हा बिचारा तशीच गाडी घेऊन खंडव्याच्या रस्त्याने निघाला आणि भेरूघाट उतरताना खराब पट्टा लागला की आई सीटचं हँडल घट्ट धरून बसायची, कारण तिला वाटायचं चाकच निघतंय.

परत आल्यावर गाडी माझ्याकडे आणली. मी खाली हात घालून लिंक रॉड धरून हलवला, म्हणजे स्टॅबिलायझर बारला (वळताना गाडी झुकू नये म्हणून असलेल्या आडव्या दांड्याला) शॉकरशी जोडणारा तो बोटाएवढा जाड दांडा, आणि त्याचा बॉल जॉइंट हातातच कट-कट वाजला. दोन्ही बाजूंचे मिळून नऊशे रुपये, पाऊण तास काम, आवाज बंद. जुने शॉकर त्याने डिकीत ठेवले होते ते मी उभे धरून दाबून बघितले तर चारही कोरडे, पूर्ण स्ट्रोकभर सारखाच जोर, अजून दोन वर्षं आरामात चालले असते. त्या तेरा हजारांचं मला आजही वाईट वाटतं, कारण त्याच्या घरी त्या महिन्यात ते पैसे लागणार होते.

म्हणून माझी सवय सांगतो. आधी डिकी रिकामी करायची, जॅक आणि स्टेपनी घट्ट आहे का बघायचं (दोन जणांचा "शॉकरचा आवाज" तिथेच मिळालाय). मग टायरची हवा, कारण हवा जास्त असली की गाडी कडक चालते आणि लोक शॉकरला दोष देतात. मग चाकाचे नट, लिंक रॉड, लोअर आर्मचे (चाकाला खालून धरणाऱ्या दांड्याचे) रबरी बुश, बॉल जॉइंट. मग वरची माउंटिंग, म्हणजे शॉकरचं वरचं टोक बॉडीला जिथे बसतं ती रबराची बैठक, तिच्यासाठी दुसऱ्या कुणाला तरी स्टेअरिंग फिरवायला सांगायचं आणि आपण स्प्रिंगवर हलका हात ठेवायचा, बोटं वेटोळ्यांच्या मधे घालायची नाहीत. स्प्रिंग अडकून एकदम झटका देऊन फिरली तर माउंटिंगमधलं बेअरिंग जाम आहे. हे सगळं झाल्यावर शॉकर. उलटा क्रम लावणाऱ्यांचेच पैसे जातात.

एक मात्र लक्षात असू द्या, सगळ्या गाड्यांना लिंक रॉड नसतो. माझ्या जुन्या वॅगन आरला बार सरळ लोअर आर्ममध्ये बुश घालून बसवलाय, तिथे बुश बघायचे.

मग शॉकर गेला हे कळायचं कसं? कोपरा दाबून सोडायची टेस्ट सगळ्यांना माहीत आहे, मीही करतो, पण तिच्यावर निकाल देत नाही. अगदी मेलेला शॉकर तिच्यात पकडला जातो, अर्धा थकलेला नाही, कारण हाताने दाबताना जो वेग असतो तो खड्ड्यातल्या वेगापुढे काहीच नाही. आणि आतून जाम झालेला शॉकर तर या टेस्टमध्ये फर्स्ट क्लास पास होतो. माझा जास्त भरवसा दोन गोष्टींवर. एक, शॉकरच्या अंगावरचं तेल. सीलजवळ हलकासा ओलसर थर आणि त्यावर धूळ चालते, पण खाली ओघळ आला असेल, चिखल चिकटून काळा लगदा झाला असेल तर तो गेला. दुसरी, टायर. गाडी बंद करून तळहात टायरवरून गोल फिरवा, उंच-सखल लाटांसारखं लागलं तर चाक रस्त्यावर टेकून चालत नाहीये, उड्या मारतंय. अर्थात बॅलन्सिंग बिघडलं असेल तरी असं होतं, म्हणून आधी ते करून घ्या.

आणि गाडी मागून बसली म्हणून शॉकर बदलू नका. बसली ती स्प्रिंग. नवीन शॉकर टाकून गाडी जिथल्या तिथेच राहणार.

घेतानाच्या चुका

एकच शॉकर घेणं ही पहिली. डावा गळतोय म्हणून फक्त डावा बदलला की ब्रेक मारताना, वळताना दोन बाजू दोन तऱ्हेने वागतात. पुढचे दोन किंवा मागचे दोन, जोडीनेच. चारही एकदम पाहिजेतच असं नाही, पैसे नसतील तर आधी जे गळतायत ती जोडी करा.

पार्ट नंबर न बघता "वॅगन आरचे द्या" म्हणणं ही दुसरी. एकाच नावाच्या गाडीत मॉडेल बदललं की शॉकर बदलतो, एलपीजीवर चालणाऱ्या वॅगन आर ड्युओचा वेगळा असू शकतो, आणि पुढचे डावे-उजवेही वेगळे असतात कारण ब्रेकच्या नळीची क्लिप एका बाजूला असते. आरसी बुकची झेरॉक्स आणि चॅसिस नंबर घेऊन जा, जुना शॉकर सोबत असला तर फारच छान. मी गॅब्रिएल किंवा मारुतीचा ओरिजिनल घेतो, कारण बॉक्सवर पार्ट नंबर, एमआरपी, महिना-वर्ष सगळं वाचता येतं आणि पक्कं बिल मिळतं. गॅब्रिएलचा तर कारखानाच इथे देवासला आहे, तेव्हा इंदूरात माल मिळत नाही म्हणून कुठलातरी बिननावाचा घ्यावा अशी वेळ येतच नाही.

जुना शॉकर "रिफिल" करून देतात ते मला अजिबात पटत नाही. भोक पाडून, हाताला येईल ते तेल भरून, वरून वेल्डिंग आणि काळा रंग. झडपा घासलेल्याच, रॉडवरचे ओरखडे तसेच, पंधरा दिवस कडक लागतो आणि मग पहिल्यापेक्षा वाईट. गॅस भरलेल्या शॉकरला भोक पाडणं तर धोक्याचं आहे. तसंच स्प्रिंगच्या वेटोळ्यांमध्ये अडकवायचे ते रबराचे ठोकळे, त्याने गाडी उंच दिसते पण त्या जागचं वेटोळं काम करायचं थांबतं आणि भार बाकीच्यांवर येतो. थकलेली स्प्रिंग बदलावीच लागते.

माउंटिंग, बंप स्टॉपर (शॉकर पूर्ण दबला की आपटू नये म्हणून असलेलं रबर) आणि धुळीचं कव्हर नवीन घ्या. उघडल्यावर "हे जुनं रबर चालेल की" म्हणायचा मोह होतो, पण तेवढ्यासाठी पुन्हा सगळं खोलायची मजुरी रबराच्या किमतीपेक्षा जास्त असते.

वरचा मधला नट

इथे मी आवाज चढवून बोलतो, कारण जिवाचा प्रश्न आहे. पुढचा शॉकर स्प्रिंगच्या आत असतो आणि वरचा मधला नट त्या दबलेल्या स्प्रिंगला धरून असतो. स्प्रिंग कंप्रेसरने नीट दाबल्याशिवाय तो नट सैल करायचा नाही. तार बांधून नाही, दोरी बांधून नाही, दोन जणांनी वर बसून तर नाहीच नाही. कंप्रेसरचे दोन हूक समोरासमोर, एकदा इकडे दोन फेरे एकदा तिकडे दोन फेरे, आणि आपलं तोंड त्या टोकाच्या रेषेत कधीच ठेवायचं नाही. चांगला कंप्रेसर नसेल तर मधल्या नटला हात न लावता अख्खा स्ट्रट, म्हणजे स्प्रिंगसकट शॉकर, गाडीतून काढा आणि दुकानात नेऊन स्प्रिंग तेवढी नव्या शॉकरवर चढवून आणा. सुरुवातीची चार वर्षं मी तेच केलं. वीस मिनिटांचा व्हिडिओ बघून आलेल्या मुलांना हे थांबणं आवडत नाही, पण मी त्यांना गाडीला हात लावू देत नाही.

चाक लटकत असताना बोल्ट घट्ट करणं

ही आणखी एक चूक, आणि ही मी स्वतः केलीय. वॅगन आरचे मागचे शॉकर, नोव्हेंबरचा रविवार, साडेपाचलाच उजेड कमी झाला. गाडी स्टँडवर, मागचा अ‍ॅक्सल खाली लटकलेला, आणि मी शॉकरचे खालचे बोल्ट तिथेच पूर्ण जोर लावून आवळले, चाकं चढवली, घरात गेलो. गाडी मस्त चालली. चौथ्या महिन्यात मागून कुईं-कुईं सुरू झालं, सातव्या महिन्यात खाली बघतो तर शॉकरच्या डोळ्यातलं, म्हणजे बोल्ट जातो त्या कड्यातलं, रबर एका बाजूने फाटून बाहेर आलेलं. शॉकर आतून ठणठणीत, बुश संपलेला.

कारण साधं आहे. बुशमध्ये मधे लोखंडी नळी, भोवती चिकटवलेलं रबर. बोल्ट आवळला की नळी जागच्या जागी पकडली जाते आणि पुढची सगळी हालचाल रबर पिळून होते. चाक लटकत असताना आवळलं तर रबर त्या लटकत्या जागेला सरळ मानतं, आणि गाडी जमिनीवर आली की ते कायम पिळलेलंच राहतं, उभी असतानासुद्धा. वर खड्डा आला की आणखी पिळतं आणि फाटतं. लोअर आर्मचे बुश, मागच्या ट्रेलिंग आर्मचे बुश, सगळ्यांना हाच नियम. गॅरेजमध्येही हे सर्रास होतं कारण गाडी लिफ्टवर असते आणि पुढची गाडी वाट बघत असते, त्यामुळे उभं राहून सांगा.

आता मी बोल्ट नुसते टेकवतो, चाकं लावतो, गाडी जमिनीवर उतरवतो, मागून दोन-चारदा दाबून हलवतो आणि मग खाली सरकून शेवटचं आवळतो. ज्या गाडीखाली तसं शिरता येत नाही तिथे अ‍ॅक्सलखाली जॅक लावून वजन त्यावर घेतो, बॉडी स्टँडवरून किंचित उचलायला लागली की तीच उंची. वॅगन आरचे मागचे शॉकर दोन्ही एकदम काढूही नका, अ‍ॅक्सल खाली जातो आणि स्प्रिंग जागेवरून निघते. एक बाजू पूर्ण करून दुसरी.

बाकी पटापट सांगतो. जॅकवर गाडी ठेवून खाली शिरू नका, विटांवर तर मुळीच नाही. गंजलेल्या बोल्टवर आदल्या रात्रीच स्प्रे मारा. चकचकीत रॉड पकडीने धरू नका, एक ओरखडा आणि सील गेलं, वरच्या टोकाला एलन कीची जागा असते ती वापरा. नवीन शॉकर बॉक्समध्ये आडवा पडलेला असतो, तो उभा धरून चार-पाचदा पूर्ण दाबा आणि ओढा म्हणजे आतली हवा वर जाते, नाहीतर पहिल्या दिवशी ठक-ठक करेल आणि तुम्ही दुकानदाराशी भांडाल. स्प्रिंगचं टोक खालच्या वाटीतल्या पायरीला टेकलंय ना बघा. स्ट्रट काढल्यावर नकल, म्हणजे चाक ज्यावर बसतं तो लोखंडी भाग, तारेने बांधून ठेवा, ब्रेकच्या नळीवर लटकू देऊ नका, बाहेर जास्त कललं तर ड्राइव्ह शाफ्टचा आतला जॉइंट निघतो. प्लास्टिकच्या रिंगचे सेल्फ लॉकिंग नट नवीनच वापरा.

पुढचे शॉकर बदलले की अलाइनमेंट त्याच दिवशी किंवा दुसऱ्या दिवशी. "स्टेअरिंग सरळ आहे, मग कशाला" म्हणत तीन महिने फिरलेल्या एकाचे पुढचे दोन्ही टायर आतल्या कडेने तारेपर्यंत घासलेले मी बघितलेत.

आणि काम झालं की प्रत्येक नट-बोल्टवरून पांढऱ्या पेंटची एक बारीक रेघ ओढा, अर्धी नटवर, अर्धी लोखंडावर. दोनेकशे किलोमीटर झाले की सकाळी गाडी पुसताना टॉर्च घेऊन खाली वाका. रेघ सरळ असेल तर राहू द्या, तुटलेली दिसली तर तो नट परत आवळा, गाडी जमिनीवर असतानाच.