इनुइट (आर्क्टिकमधले मूळ रहिवासी) लोकांवरचा माहितीपट फिल्म क्लबमध्ये दाखवायचा आहे?

सुरुवात ‘नानूक ऑफ द नॉर्थ’पासून (1922) करा, पण तो एकटा दाखवू नका. दिग्दर्शक रॉबर्ट फ्लाहर्टीचा हा मूकपट कॅनडात, उत्तर क्विबेकमधल्या इनुकजुआक भागात चित्रित झाला. सुमारे 80 मिनिटांचा आहे. सलग दाखवला की प्रेक्षक बर्फाच्या देखाव्यात रमतात आणि मांडणी नजरेतून सुटते. म्हणून तीन ठिकाणी थांबवा.

इग्लूचा (बर्फाच्या घराचा) आतला प्रसंग: कॅमेऱ्याला उजेड मिळावा म्हणून इग्लू मोठा बांधून त्याची एक बाजू उघडी ठेवली होती. वॉलरसची शिकार: तेव्हा बंदुका वापरात होत्या, तरी पडद्यावर हार्पूनच (दोर बांधलेला भालाच) दिसतो. ग्रामोफोन: नायक नानूक तबकडी चावतो, हा अडाणीपणा रचलेला आहे. नानूक झालेल्या माणसाचं खरं नाव अल्लाकारिअल्लाक, हे आधीच सांगा. मात्र सगळंच खोटं ठरवण्याची घाई नको. इनुइट लोकांनी पडद्यामागेही बरंच काम केलं होतं. चर्चा इथेच हमखास घसरते.

मग ‘अँग्री इनुक’ (2016) लावा. दिग्दर्शिका अलेथिया अर्नाकुक-बारिल स्वतः इनुइट. सीलच्या शिकारीचे रक्ताळलेले प्रसंग तेवढेच वेगळे काढून दाखवू नका. मांस, कातडी आणि घरखर्चाचं गणित सुटलं तर सीलच्या उत्पादनांवरच्या युरोपीय बंदीचा मुद्दाच कळत नाही.

वेळ उरला तर कॅनडातल्या इग्लुलिकमध्ये 1990 साली सुरू झालेल्या इसुमा या इनुइट चित्रपटसंस्थेचं काम पाहा. इनुक्टिटुट (इनुइट भाषेतले) संवाद तसेच ठेवा, खाली उपशीर्षकं द्या. वर निवेदन चढवलं की बोलणाऱ्याचा आवाजच दबतो.