नख हिरवं पडलं? रोवणीच्या दिवसांत या चुका टाळा

जुलै सरत आला की धानाच्या पट्ट्यात रोवणीला, म्हणजे भातलावणीला, जोर येतो आणि माझ्या मेडिकलच्या काउंटरवर बोटं दिसायला लागतात. आधी बोट पुढे येतं, मग चेहरा. "भाऊ, हे पाहा ना जी, नखाले काय झालं त?" अंगठ्याचं नख एका कडेनं हिरवं झालेलं असतं. कल्हई उडालेल्या पितळी भांड्यात ताक राहून गेलं की जो रंग चढतो, तसा. कोणाचं पोपटी, कोणाचं इतकं गडद की काळंच वाटावं. दुखत काही नाही, म्हणून महिना-दीड महिना कोणी लक्ष देत नाही. आणि दुकानात येतात तेव्हा औषधही ठरवूनच येतात: "बुरशीची गोळी द्या."

सुरुवातीची काही वर्षं मी ती देत होतो. चिठ्ठीही मागत नव्हतो. तेव्हा या यादीतली पहिली चूक माझ्याच नावावर मांडा.

बुरशी समजून गोळ्या खाणं

हिरवं नख बहुतेक वेळा बुरशीचं नसतं. ते काम स्यूडोमोनास एरुजिनोसा नावाच्या जिवाणूचं असतं. फ्रान्समध्ये कार्ल गेसार्ड यांनी १८८२ साली जखमेच्या पट्ट्यांवर चढणाऱ्या निळ्या-हिरव्या रंगाचा माग काढत हा जिवाणू वेगळा केला. तो दोन रंगद्रव्यं तयार करतो, एक निळसर हिरवं आणि एक पिवळसर हिरवं. नखाखाली दिसतो तो रंग यांचाच. नखाचा हा आजार वैद्यकीय लिखाणात १९४४ मध्ये नोंदला गेला. म्हणजे नवीन काही नाही. आपल्याकडे त्याला स्वतंत्र नाव नाही एवढंच, म्हणून तो 'बुरशी'च्या खात्यात जमा होतो.

बुरशीचं नख वेगळं दिसतं. ते पिवळट किंवा पांढरट होतं, जाड होतं, खालून भुसा निघावा तसं भुरभुरतं. त्यासाठी दिलेली टर्बिनाफिन किंवा फ्लुकोनाझोल जिवाणूला काही करत नाही. पोटात जाते, यकृतावर भार टाकते, नख होतं तसंच राहतं. कधी कधी एकाच नखात दोन्ही असतात, ही गोष्ट खरी. पण ते काउंटरवरून ओळखता येत नाही, नखाचा तुकडा तपासावा लागतो.

दुसरी मागणी असते अमॉक्सिसिलिनची. "ते लाल-पिवळी कॅप्सूल द्या." स्यूडोमोनासवर ती चालत नाही. कितीही कोर्स करा.

मूळ दुखणं पाण्याचं आहे, ते सोडून बाकी सगळं करणं

एक मावशी आमच्या गावच्या, मजुरीवर रोवणीला जाणाऱ्या. तीन महिने गोळ्या खाऊन झाल्या, त्यातल्या निम्म्या माझ्याच दुकानातल्या. शेवटी जिल्ह्याच्या गावी चामडीच्या डॉक्टरांकडे जाऊन आल्या. चिठ्ठी घेऊन माझ्याकडे आल्या तर तिच्यावर डोळ्यांचे थेंब. मी हसलो. म्हटलं, मावशी, घाईत चुकून लिहिलं असेल. चिठ्ठीवर नंबर होता, फोन लावला. डॉक्टरांनी माझं सगळं ऐकून घेतलं आणि उलट विचारलं, "तिला बोट कोरडं ठेवायला कोणी सांगितलं का आजवर?"

कोणीच सांगितलं नव्हतं. मी तर नाहीच नाही.

हा जिवाणू मातीत असतो, साचलेल्या पाण्यात असतो, ओल्या घासणीत आणि टाक्याच्या कडेला असतो. धडधाकट, घट्ट चिकटलेल्या नखात तो शिरू शकत नाही. त्याला फट लागते आणि ओल लागते. रोवणीत दोन्ही तयार मिळतात. डाव्या हातात पऱ्ह्यांची जुडी, आणि उजव्या हाताचा अंगठा प्रत्येक रोप चिखलात दाबतो. सकाळपासून दिवस बुडेपर्यंत तोच अंगठा. पाण्यानं नख मऊ पडतं, दाबानं टोकाकडून थोडं उचललं जातं आणि त्या फटीत बांधीतला चिखल जाऊन बसतो. घरी आल्यावर भांडी, धुणं, सडा-सारवण. बोट वाळायला फुरसत कधी? म्हणूनच हे नख बायांमध्ये जास्त दिसतं आणि त्यातही अंगठ्याचं. पुरुषांमध्ये पायाचं दिसतं, दिवसभर गमबुटात पाणी घेऊन फिरणाऱ्यांचं.

मग लोक काय करतात, तर बोटाला पन्नी गुंडाळून वरून चिकटपट्टी मारतात. पाणी जाऊ नये म्हणून. पाणी जातंच, आणि गेलेलं बाहेर येत नाही. आतला घाम वेगळा. संध्याकाळी पन्नी सोडली की बोट उकडल्यासारखं पांढरंफटक. ओली चिंधी बांधून ठेवण्याचंही तेच. रबरी हातमोजे भांड्यांसाठी चांगले, पण आत पातळ सुती मोजा हवा आणि काम झालं की मोजा उलटा करून वाळवायला हवा. बांधीत हातमोजे घालून रोवणी करा असं मी कोणाला सांगत नाही. होत नाही ते. मी सांगतो ते एवढंच: जेवणाच्या सुट्टीत धुऱ्यावर बसल्यावर आधी हात स्वच्छ पाण्यानं धुवा, पदराच्या नाही तर वेगळ्या कोरड्या फडक्यानं नखाच्या कडेपर्यंत पुसा आणि जेवण होईस्तोवर बोट उघडं ठेवा. घरी भांडी महिनाभर दुसऱ्या कोणी घासली तर निम्मं औषध तेच. हे वाक्य मी घरच्या माणसांसमोर मुद्दाम मोठ्यानं म्हणतो. परिणाम संमिश्र आहे.

उचललेलं नख तसंच जपणं

नख उचललेलं असलं की त्याखाली खिसा तयार होतो. जेवढा भाग मासापासून सुटला आहे, तेवढा कापून टाकावा लागतो, म्हणजे वारा लागतो. दुखत नाही, कारण तो भाग चिकटलेलाच नसतो. चिकटलेल्या भागाला मात्र हात लावायचा नाही. पिन, काडी, विळ्याचं टोक घालून आतला हिरवा मळ कोरणारे खूप आहेत. त्यानं फट आणखी आत जाते आणि जिवाणूला वाट मोकळी होते. मुळाजवळची कातडीही मागे ढकलू नका, कापू नका. ती नखाचं झाकण आहे. अख्खं नख उपटायची गरज सहसा पडत नाही. नेलकटर घरात एकच असेल तर वापरून झाल्यावर साबणानं धुवा, वाळवा, स्पिरिटनं पुसा.

लिंबू, चुना आणि बिब्बा

नखुरडं झालं की लिंबाला भोक पाडून त्यात बोट खुपसायचं, हे आपल्याकडे जुनं. नखुरडं वेगळं आणि हिरवं नख वेगळं, हे आधी समजून घेऊ. नखुरड्यात नखाची कड सुजते, ठसठसते, रात्री झोपू देत नाही, पू धरते. तिथे बहुधा स्टॅफिलोकोकस नावाचा दुसराच जिवाणू असतो. कोमट पाण्याचा शेक चालतो, पू साचला की डॉक्टरनं वाट करून द्यावी लागते. हिरवं नख मात्र गुपचूप असतं. पण मुळाजवळची कड महिनोन्‌महिने फुगलेली असेल तर दोन्ही जोडीनं नांदतात, कारण त्या फुगलेल्या कडेखालीही फट असते.

लिंबू आंबट आहे, आणि आंबटाचा या जिवाणूला त्रास होतो, यात थोडं तथ्य आहे. पण लिंबात रात्रभर बोट ठेवलं की कातडी सडते आणि जिवाणूला पुन्हा ओलच मिळते. डॉक्टर त्याऐवजी व्हिनेगर सांगतात. चायनीजच्या गाडीवर असते ती पांढरी बाटली. तिच्यावर आम्लता साधारण ४ टक्के लिहिलेली असते. एक वाटी व्हिनेगरला तीन वाट्या पाणी, की झालं १ टक्क्याच्या आसपास. त्यात पाच-दहा मिनिटं बोट, दिवसातून दोनदा, आणि लगेच कोरडं पुसायचं. कातडीला चीर असेल, आग होत असेल तर थांबायचं. एका भाऊंनी 'ॲसिड' म्हटल्यावर संडास धुवायची बाटली आणली होती. ती नव्हे, बाप्पा. आणि कोणी ब्लीचचं पाणी सुचवलं असेल तर ते आणि व्हिनेगर कधीही एका भांड्यात आणू नका, त्यातून क्लोरीन वायू निघतो.

चुना-गूळ, तंबाखू, रॉकेल यांनी कातडी भाजते. बिब्ब्याबद्दल तर हात जोडून सांगतो. त्याचं तेल कातडीवर फोड आणतं, आणि हिरव्या नखासाठी बिब्बा लावून आलेला सुजलेला पंजा मी पाहिलेला आहे. नखाचं राहिलं बाजूला, आठ दिवस मजुरी बुडाली.

मेहंदी लावून झाकणं

पावसाळ्यात बोटांच्या बेचक्यात चिखल्या होतात, त्यावर मेहंदी लावतात. नखावरही लावतात, शिवाय सण असतातच. नेलपॉलिशचंही तेच. रंगाखाली काय चाललं आहे ते मग घरच्यांनाही दिसत नाही आणि डॉक्टरलाही. तपासायला जायचं असेल तर आधीचे आठ-पंधरा दिवस नखावर काही लावू नका. बीटाडीनसुद्धा जाण्याच्या दिवशी नको, तपकिरी डागात सगळं मिसळून जातं.

डोळ्यांचे थेंब, पण कोणते?

जेंटामायसिन किंवा सिप्रोफ्लॉक्सासिन या जिवाणू मारणाऱ्या औषधांचे थेंब डोळ्यांसाठी किंवा कानासाठी बनतात, पण पातळ असल्यामुळे नखाखालच्या फटीत उतरतात. मलम वरच राहतं. म्हणून डॉक्टर ते नखाला लिहितात. नख वर धरून कडेशी एक-दोन थेंब सोडायचे आणि तसंच वाळू द्यायचं. चिठ्ठीत चूक नव्हती. चूक माझ्या हसण्यात होती.

खरी गडबड पुढे होते. सिप्रोफ्लॉक्सासिनचीच एक बाटली डेक्सामेथासोन मिसळलेली मिळते. नाव जवळपास सारखं, डबा सारखा. डेक्सामेथासोन हे स्टेरॉइड आहे आणि डॉक्टरनं मुद्दाम लिहिलं नसेल तर ते नको. शेजारणीची अर्धी उरलेली बाटली आणण्याआधी तिच्यावरची बारीक अक्षरं वाचून घ्या. खाज, बुरशी, जंतू सगळ्यांवर एकच म्हणून खपणाऱ्या मलमांतही बहुधा स्टेरॉइड असतं. नखाला लावायची बाटली नंतर डोळ्यांत घालू नका, हे वेगळं सांगावं लागतं, कारण घडलेलं आहे.

रंग जात नाही म्हणून औषध बदलत राहणं

जिवाणू मेला तरी नखात मुरलेला रंग राहतो. हाताचं नख महिन्याला साधारण ३ मिलिमीटर वाढतं, पूर्ण बदलायला सहा महिने लागतात. पायाचं वर्ष ते दीड वर्ष घेतं. तेव्हा पंधरा दिवसांत हिरवं गेलं नाही म्हणून डॉक्टर बदलू नका. पाहायचं ते मुळाकडे. तिथून येणारं नख स्वच्छ, गुलाबी आणि चिकटलेलं असेल, तर काम होत आहे. डागाच्या मागच्या कडेला नखावर पेनानं एक रेघ काढून वहीत तारीख टाका, किंवा मोबाइलवर दर पंधरवड्याला फोटो काढा. डाग पुढे सरकतोय की मागे पसरतोय, ते त्यावरून कळतं. मागे पसरत असेल तर पुन्हा दाखवा.

प्रत्येक हिरवं-काळं एकच समजणं

वरुड-मोर्शी-काटोलकडे माझे नातेवाईक आहेत, संत्र्याचे बगीचे. तिथे झाडाच्या बुंध्याला बोर्डो लावतात, म्हणजे मोरचूद आणि चुना. त्यानंही नखं निळी-हिरवी होतात, पण बहुतेक सगळी एकदम, आणि रंग वरच्या अंगाला असतो. काचेच्या तुकड्यानं नाही, साध्या नेलफाइलनं हलकंसं घासलं की निघतो. जिवाणूचा रंग खालून असतो, घासून जात नाही.

बैलाचा पाय पडून किंवा दगड लागून साकळलेलं रक्त जांभळं-काळं दिसतं आणि मार लागल्याचं आठवत असतं. सिकलसेलसाठी हायड्रॉक्सीयुरिया घेणाऱ्यांच्या नखांवर तपकिरी-काळ्या रेघा किंवा पट्टे येऊ शकतात. विदर्भात हे औषध घेणारी पोरं-पोरी गावोगावी आहेत, म्हणून मुद्दाम लिहितो: तो औषधाचा परिणाम असतो, घाबरून गोळी बंद करायची नाही, पुढच्या भेटीत डॉक्टरांना दाखवायचं. पण असं कोणतंही औषध चालू नसताना एकाच नखात काळी उभी रेघ आली, ती रुंद होत चालली किंवा रंग मुळाजवळच्या कातडीत उतरला, तर वाट पाहू नका. तो नखाखालचा कर्करोग असू शकतो.

थांबायचंच नाही अशी वेळ

बोट सुजलं, पू आला, ताप भरला, लाल रेघ मनगटाकडे चढली, तर त्याच दिवशी दवाखाना. साखरेचा आजार असेल आणि नख पायाचं असेल, तर दुखत नसलं तरी दाखवा. पायाची जाणीवच कमी झालेली असते, त्यामुळे 'दुखत नाही' याला तिथे काही अर्थ नाही.

आणि एक, जे कोणी विचारत नाही. घरात बाळंतीण असेल, तर हिरवं नख असलेल्या बाईनं बाळाला तेल लावणं, नाळेला हात लावणं, कोणाच्या जखमेची पट्टी बदलणं नख बरं होईस्तोवर थांबवावं. धडधाकट माणसाला या जिवाणूचं फारसं काही होत नाही. नुकत्या जन्मलेल्या, त्यातही कमी वजनाच्या बाळाला तो जड जाऊ शकतो. त्या मावशी गावात बाळांना न्हाऊ घालायच्या. मी फोन ठेवल्यावर त्यांना हे सांगितलं, तर थोडा वेळ गप्प राहिल्या. म्हणाल्या, "मंग आता सहा महिने सुनेच्या हातानं करते जी, मी बाजूले बसून सांगीन." थेंबांची बाटली त्यांनी पदराच्या गाठीत बांधली, आणि मी गल्ल्यातून बुरशीच्या उरलेल्या गोळ्यांचे पैसे परत काढून दिले.