आपत्तीच्या जागेवरची स्मारक-स्पर्धा: या चुका टाळा

स्मारकाच्या डिझाइन-स्पर्धेतली शीट्स (प्रवेशिकेची मोठी चित्रपानं) ओळीने लावली की आधी दिसतं ते पाणी. काळा ग्रॅनाइट, त्यात संथ निळं पाणी, काठावर पाठमोरी आई आणि तिचं लेकरू. ही सगळी न्यूयॉर्कच्या 9/11 स्मारकाची उसनवारी. तिथल्या 2003 च्या स्पर्धेत 63 देशांतून 5,201 प्रवेशिका आल्या आणि वास्तुविशारद मायकल अराड यांनी कोसळलेल्या मनोऱ्यांच्या जागी सुचवलेले पाण्याचे दोन खोल चौकोन निवडले गेले. पण ते पाणी पडतं ठेवायला तिथे स्वतंत्र संस्था आहे, संग्रहालयाच्या तिकिटांचा पैसा आहे. आपल्याकडे पंप बंद पडला की डास, आणि मग महापालिकेच्या कीटकनाशक खात्याची नोटीस. पाणी हवंच असेल तर पावसाचं घ्या. भुजच्या स्मृतिवनात भुजिया डोंगरावर पन्नास बंधारे आहेत आणि 2001 च्या भूकंपात गेलेल्यांची नावं तिथेच लावली आहेत. उन्हाळ्यात बंधारा कोरडा पडला तर कोणी त्याला नादुरुस्त म्हणत नाही.

दुसरी चूक मला सर्वांत गंभीर वाटते: भिंतीकडे बाण काढून ‘इथे नावं’ लिहिणं आणि पुढच्या शीटकडे वळणं. अराड यांना नावं कोणत्याही क्रमाविना हवी होती. नातेवाइकांना ते पटलं नाही आणि वाद काही वर्षं चालला. शेवटी 2,983 नावं नात्यांनुसार लागली. कोणाचं नाव कोणाशेजारी हवं, अशा बाराशेहून अधिक विनंत्या आल्या होत्या, त्या जुळवायला संगणकाची मदत घ्यावी लागली.

आता हे मुंबईत आणा. 11 जुलै 2006 चे स्फोट पश्चिम रेल्वेच्या लोकलच्या फर्स्ट क्लासच्या डब्यांत झाले. रोज तीच गाडी, तोच डबा, तोच ग्रुप. वर्णानुक्रम लावलात की ग्रुप विखुरला. आडनाव आधी की नाव आधी, यावर शेजारी बदलतो. माहेरचं नाव लावणारी बायको नवऱ्यापासून चार फळ्या लांब जाते. लिपी एक की तीन? आणि ज्यांचं नावच कळलं नाही त्यांचं काय? 14 एप्रिल 1944 ला व्हिक्टोरिया डॉकमध्ये ‘फोर्ट स्टिकिन’ जहाजाचा स्फोट झाला. त्यात किती माणसं गेली, याचा आकडा आजही एक नाही. अग्निशमन दलाच्या जवानांची नोंद राहिली, कारण दलाकडे हजेरीपट होता. गोदीतल्या हमालांचा कोण ठेवणार? भिंतीवर रिकामी जागा सोडा आणि ती का सोडली ते शीटवर लिहा.

साइट रिकामी समजू नका. एल्फिन्स्टन रोड, म्हणजे आताच्या प्रभादेवी स्थानकाच्या जिन्यावर 29 सप्टेंबर 2017 ला चेंगराचेंगरीत 23 जण गेले. अशा ठिकाणी लोकांना थांबायला लावणारं स्मारक म्हणजे नव्या चेंगराचेंगरीची सोय. साइट व्हिजिट रविवारी दुपारी नको, सकाळच्या गर्दीत करा.

भोपाळची गोष्ट वेगळी आहे. युनियन कार्बाइडच्या जागेसाठी 2005 मध्ये स्पर्धा झाली, दिल्लीतल्या तरुण वास्तुविशारदांचं डिझाइन निवडलं गेलं, पण पुढची कितीतरी वर्षं ते उभं राहिलं नाही. तेव्हा विषारी कचरा तिथेच होता, भरपाईचा लढा चालू होता, आणि वर स्मारक. वाचलेल्यांना ते खटकणारच. म्हणून ब्रीफमध्ये, म्हणजे स्पर्धेच्या माहितीपत्रकात, पीडितांच्या संघटनांचा उल्लेख आहे का, ते आधी पाहा. नसेल तर आयोजकांना प्रश्नोत्तरांच्या मुदतीत लेखी विचारा.

बक्षीस म्हणजे काम, हेही गृहीत धरू नका. न्यूयॉर्कच्या त्याच जागेच्या पुनर्बांधणीसाठी वास्तुविशारद डॅनियल लिबेस्किंड यांचा आराखडा 2003 मध्ये निवडला गेला, पण तिथला मुख्य मनोरा शेवटी दुसरे वास्तुविशारद डेव्हिड चाइल्ड्स यांचा झाला. पहिल्या क्रमांकाला नेमणूक मिळणार की फक्त धनादेश, हे नियमांत शोधा.

आणि प्रवेशिका निनावी असेल तर पीडीएफच्या प्रॉपर्टीजमधलं लेखकाचं नाव पुसा. शीटवर फक्त नोंदणी क्रमांक आणि फाइलच्या आत ऑफिसचं पूर्ण नाव, एवढ्यावरूनही बाद करता येतं.