बातमीची पटकथा करताना

बातमीदार पटकथेला बसला की पहिली अडचण इंट्रोची येते. कोण, काय, कधी, कुठे हे पहिल्याच परिच्छेदात सांगून टाकायची सवय हातात मुरलेली असते आणि इथे नेमकं तेच राखून ठेवायचं असतं. ‘ठाण्यात रिक्षात विसरलेले चार तोळ्यांचे दागिने चालकाने पोलिसांकडे जमा केले.’ बातमी म्हणून चोख. पडद्यावर मात्र हे पहिल्या मिनिटात कळलं तर पुढे बघायला काही उरत नाही.

म्हणून कात्रण समोर ठेवून आधी एवढंच लिहा: कोणाला काय हवंय आणि आडवं काय येतंय? पिशवी द्यायची की ठेवायची हे चालकाला रात्रीत ठरवायचंय, आणि सकाळी रिक्षाच्या कर्जाचा हप्ता आहे. हप्ता छापून आलेला नसतो, तो बातमीदाराच्या वहीत असतो. डेस्कने जागेअभावी कापलेला मजकूर हेच पटकथेचं खरं भांडवल. जुन्या वह्या रद्दीत घालू नका.

पहिलं दृश्य असं उतरेल:

दृश्य 1. बाहेर. सीएनजी पंप, घोडबंदर रोड. रात्र.
रिक्षांची लांब रांग. चालक (45) मागची सीट झटकतो. हाताला कापडी पिशवी लागते. उघडून बघतो. पुढचा रिक्षावाला वळून हाक मारतो. चालक पिशवी सीटखाली सरकवतो.

‘त्याला मोह झाला’ असं यात कुठेच नाही. कॅमेऱ्याला दिसेल आणि माइकला ऐकू येईल तेवढंच लिहायचं, तेही वर्तमानकाळात. दुसरी घसरण संवादात होते, कारण माहिती पोचवायची घाई सुटत नाही. ‘तुम्हाला माहीतच आहे, आपल्यावर दोन लाखांचं कर्ज आहे’ असं कुठलीही बायको नवऱ्याला सांगत नाही. ती डब्याचं झाकण लावता लावता विचारते, ‘उद्या पाच तारीख ना?’ तेवढं पुरतं.

क्रम मोडू नका. आधी एका वाक्यात गोष्ट, मग दोन-तीन पानी कथा, मग प्रत्येक दृश्याची एका ओळीची नोंद वेगवेगळ्या कार्डावर. दोन तासांच्या चित्रपटाला साधारण 60 ते 80 कार्डं लागतात. ती जागेवर बसल्याशिवाय संवाद लिहू नका. संवाद आवडले की नको असलेलं दृश्यही कापवत नाही.

एक पान म्हणजे एक मिनिट हा हिशेब इंग्रजी टंकातला आहे. देवनागरीत तो हलतो, त्यामुळे दृश्य मोठ्याने वाचून घड्याळ लावा. टाइप युनिकोडमध्येच करा. वर्तमानपत्रांच्या जुन्या फॉन्टमधला मजकूर दुसरीकडे उघडला की नुसती अक्षरांची खिचडी दिसते.

मालिकेत कथा, पटकथा आणि संवाद बहुतेकदा तीन वेगळ्या लोकांकडे असतात आणि भाग रोज लागतो. डेडलाइनची सवय असलेल्याला शिरकावासाठी हीच वाट सोपी. नोकरी सोडायची घाईही नको. पत्रकार ख्वाजा अहमद अब्बास यांनी राज कपूरसाठी पटकथा लिहिल्या त्या काळातही वर्तमानपत्रातलं सदर चालूच ठेवलं होतं.

आता हक्कांचं, कारण इथेच सर्वाधिक नुकसान होतं. 1957च्या कॉपीराइट कायद्यानुसार नोकरीत लिहिलेल्या लेखावर मालकाचा हक्क असतो तो वर्तमानपत्र-नियतकालिकात छापण्यापुरता. बाकीचे हक्क लेखकाचे. मात्र नेमणूकपत्रात उलट लिहिलं असेल तर ते लागू होतं, म्हणून ते आधी काढून वाचा. घटनेवर कोणाचीच मालकी नसते, मांडणीवर असते. खऱ्या माणसाच्या खाजगी आयुष्यावर लिहिताना त्याची लेखी संमती घ्या.

पटकथा कोणाला ऐकवण्याआधी स्क्रीनरायटर्स असोसिएशन या पटकथाकारांच्या संघटनेत नोंदवा. त्यासाठी सभासद व्हावं लागतं. नोंदणी हा तारखेचा पुरावा आहे. कॉपीराइट लिहिताक्षणीच तुमचा झालेला असतो. करारात मुदत नसेल तर हक्क पाच वर्षांसाठीच दिले असं कायदा मानतो, आणि घेणाऱ्याने वर्षभरात ते वापरले नाहीत तर करारात वेगळं लिहिलेलं नसल्यास ते संपतात. सही करण्याआधी या दोन ओळी करारात कशा लिहिल्यात ते बघा, आणि संवादांचा पूर्ण खर्डा मानधनाचा पहिला हप्ता खात्यात जमा झाल्यावरच पाठवा.